भावाच्या प्रोत्साहनानं

हॅलो?… हो, अंबुजाच… कोण, यशस्विनी? बोल गं… आई बरी आहे. पंच्याऐंशी झाली, आता काय. खिडकीशी बसलीय…

काय सापडलं?… अय्यो, हळू सांग. आईचा पिक्चर? कुठला? पहिल्या दोनांत नुसती पाणवठ्यावरच्या बायकांत उभी होती… तिसरा? हिरॉईनचा?… बंगळूरला कुणाच्या घरी रिळं निघाली. आणि आता तुम्ही लोक मैसूरात दाखवणार… सत्कार. आईचा.

तू बघितलास?… दिसते ना ती? अठरा-एकोणीसची होती… हो, बरोबर, अर्ध्यापर्यंतच. पुढे ती नाहीच. दुसरी कुणी आहे, पदर ओढून, पाठमोरी. तोवर आईला घरी आणलं होतं.

कुणी म्हणजे? तुझ्या आजोबांनी. दत्तोजीमामांनी… तुला कुणी सांगितलंच नाही? शूटिंग चालू, सगळे बघताहेत, आणि मामांनी हाताला धरून ओढत नेलं. तोंडाला रंग तसाच. बाजारातून चालवत आणली. महिन्याभरात टी. नरसीपूरला देऊन टाकली, बिजवराला… बाबा वाईट नव्हते गं. पण पिक्चरचं नाव काढायचं नाही. थेटरातही गेली नाही ती कधी.

हो, हो… जुनं झालं, कळतं मला. तुझं म्हणणं काय?… स्टेजवर मामांचा फोटो. हार. बरं. आणि आईनं काय बोलायचं?… परत सांग… 'माझ्या भावाच्या प्रोत्साहनानं'…

ऐकलं मी.

यशस्विनी, त्या माणसानं तिचे सगळे फोटो न्हाणीच्या चुलीत घातले. तिला समोर बसवून… आयतु, आयतु, बरं, राहिलं. तुझे आजोबा, तुला लागणारच. माझी ती आई आहे.

थांब, आई विचारतेय कुणाचा फोन… आई, दत्तोजीमामांची नात. तुझा पिक्चर सापडलाय, दाखवणारेत. स्टेजवर मामांचं चांगलं बोल म्हणतात… काय?… बरं, सांगते.

हॅलो, हां. आई येणार… खरंच. लगेच हो म्हणाली, मलाच नवल वाटलं… अगं ऐक ना, पुढचं ऐक. फोटो लावा म्हणते, हारही घाला. पण बोलणार ती आपल्या मनानं. तिला कसं नेलं, ते सांगणार. आपले सगळे लोक समोर असतील, म्हणून तिथंच सांगायचंय तिला.

का?… नाही, तुम्ही लिहून दिलेलं ती वाचणार नाही… तब्येत? तब्येतीला काय झालंय तिच्या?… पुढे ढकलणार म्हणजे कधी? तिचं वय बघ गं… बरं, सत्कार राहू दे. पिक्चर? निदान पिक्चर तरी बघू दे तिला. एकदा… हॅलो?… यशस्विनी?… हॅलो…

काही नाही, आई. लाईन कट झाली… करेल ना, करेल ती परत… अगं, साडी कशाला काढतेस आत्ता. बस तू.