केबल तोडल्याबाबत आणि पडद्यावरच्या एका नावाबाबत

मी, सुलोचना बाबाराव थूल, वय ५४ वर्षे, व्यवसाय शिक्षिका, राहणार सेलू, जिल्हा वर्धा, आज दिनांक २१ ऑगस्ट २००१ रोजी पोलीस ठाण्यात समक्ष हजर राहून सांगते की, माझ्या गच्चीवरून जाणारी भूपेंद्र केबलवाल्याची वायर काल सायंकाळी मीच पक्कडीने तोडली. त्याची तक्रार खरी आहे.

माझ्या शेजारची मुलगी वर्ध्याला बी.एस्सी. शिकते. प्रफुल नावाचा इसम एस.टी.त तिच्या मागच्या सीटवर बसून सिनेमाची गाणी म्हणतो. मागील महिन्यात स्टँडवर तिने त्याला माझ्यासमक्ष सांगितले, "मले तू आवडत नाई. मागं येऊ नको." लोक हसले. "लाजून राह्यली," असे पानठेल्यावरून कोणी म्हणाले.

त्यानंतर केबलच्या फर्माईश कार्यक्रमात रोज प्रेमगीतांखाली पडद्यावर अक्षरांची पट्टी फिरू लागली. प्रफुलकडून, आणि पुढे मुलीचे पूर्ण नाव. ते घरोघरी दिसले. वडिलांनी तिचे कॉलेज बंद केले. प्रफुलचे काहीच बंद झाले नाही.

काल दुपारी मी भूपेंद्रच्या दुकानी जाऊन पट्टी थांबवण्यास सांगितले. तो म्हणाला, "मॅडम, तुमाले काऊन राग येऊन राह्यला? पिक्चरमंदी पोरगी पहिले नाईच म्हणते. इंटरवल तर होऊ द्या." मी म्हटले, "तिनं नाई म्हटलं, तिथंच तुमचा पिक्चर संपला." सायंकाळी पट्टी पुन्हा फिरली. म्हणून वायर तोडली.

हवालदारांनी येथे 'प्रेमप्रकरणातून' असे लिहिले होते. ते माझ्या सांगण्यावरून खोडले आहे. मी कादंबऱ्या वाचते, सिनेमाही पाहते. प्रेमाला माझा विरोध नाही. दोघांपैकी एकालाच विचारायचे आणि त्याला प्रेम म्हणायचे, याला आहे. पाठलाग करणाऱ्याला नायक म्हणायला पडद्याने गावाला शिकवले. पोलीस ठाण्याने तरी ते शिकू नये.

वायरची भरपाई देईन. माफी मागणार नाही.

सदर मुलगी वडिलांसह बाहेर बाकावर बसली आहे. तिची तक्रार तिच्याच तोंडून वेगळी नोंदवावी. पोलिसांनी ती लिहून घेतली तर उद्यापासून कॉलेजला पाठवतो, असे वडील मला म्हणाले आहेत.

माझ्या जबाबासाठी हवालदारांनी तिचे नाव दोनदा विचारले. मी दिले नाही. गावाने ते पुरेसे वाचले आहे.

वरील मजकूर मला वाचून दाखवला. तो मी सांगितल्याप्रमाणे बरोबर आहे. तिचे नाव त्यात कोठेही आलेले नाही, याची खात्री करून सही करीत आहे.