कॅमेऱ्याकडे तोंड

क्योटोच्या बसमध्ये किनुएच्या मागच्या बाकावर दोन म्हातारे नट बोलत होते. तलवारीच्या मालिकांत नायकाच्या हातून मरायचं, हाच दोघांचा धंदा.

“कुरिमोतो, काल टीव्हीवर पाहिलं. मरताना कॅमेऱ्याकडे तोंड? नायक झाकला की रे!”

“बायको अंथरुणाला खिळलीय. म्हटलं, एकदा तरी तिला माझा चेहरा दिसावा.”

“आणि दिग्दर्शक?”

“त्याच्यापुढे जमिनीला कपाळ टेकलं. त्याचं काही नाही वाटलं.”

“बायको तरी खूश झाली ना?”

“टीव्ही बंद करायला लावला. म्हणाली, ‘इतकी वर्षं पाठीवरूनच ओळखत आले तुम्हाला. हा तोंड मिरवणारा कोण?’”

“...मग?”

“उद्या पुन्हा मरायचंय. पाठ फिरवूनच पडेन.”

किनुएला मागे वळून बघायचं होतं. तिनं बघितलं नाही.