नव्या रायफलीचा ठिपका

शिवाजीनगरला बसच्या रांगेत माझ्यापुढं दोन सिक्युरिटी गार्ड उभे होते.

"शिवाप्पाअण्णा, नवी रायफल कशी हाय?"

"जुनीच्या निम्मी हलकी. जुनीला एक डोळा मिटून नेम धरायचो. हिला वर काच हाय. काचेत तांबडा ठिपका दिसतो, तो निशाणावर ठेवायचा आणि चाप ओढायचा, बस."

"मग काल टेस्टला?"

"पाचच्या पाच गोळ्या मधोमध. साहेबांनी पाठ थोपटली, आणि खिशातनं सेल काढला. म्हणाले, ठिपका ह्याच्यावर पेटतो, अजून घातलाच न्हाई. तू नेम कशावर धरलास?"

"कशावर धरलास?"

"आयुधपूजेला माझी बायको गंगव्वा गेटावर आलती बघ. तिनं काचेला कुंकू लावलं होतं."

"अय्यो."

"साहेबांनी काच पुसली. सोमवारी मोठ्या साहेबांपुढं सेल न घालता असंच मारून दाखव म्हणाले, न्हाईतर लबाड म्हणून काढून टाकतो."

"मग गंगव्वाअक्काला परत तिथंच लावायला सांग की."

"सांगितलं रे महांतेश. माझ्यावरच खेकसली."

"काय म्हणाली?"

"म्हणाली, मी काय नेम धरून लावलं होतं?"