पहिला नव्हे, सहावा

थांबा हो, मिस्त्री – तो स्क्रू नका फिरवू अजून. नाही, जागा बरोबर आहे, पाटी सरळच आहे, त्याचं काही नाही. तुम्ही कर्कॉडीहून एवढ्या लांब आलात, तुमचं काम तुम्ही करणारच – पण दोन मिनिटं द्या. कोरलंय तुम्हीच ना? मग वाचा एकदा मोठ्यानं. बरं, मीच वाचतो – अडखळेन, शाळेत मी फार टिकलो नाही – 'मर्डो गिलीज. याला सगळे राजे पाठ होते. एकच चुकला.' झालं. पितळेवर. म्हणजे मी मेलो तरी हे राहणार. आत हसतायत ना सगळे? हसू दे. वाईट मनानं नाही हसत. पबच्या मालकीण पिटकेर्नबाई म्हणाल्या, आपल्याच पबच्या दारावर त्याची आठवण राहू दे, मर्डोला असली थट्टा आवडली असती. आवडली असती हो. तोच तर प्रश्न आहे... मी? मी ॲर्ची. त्याचा धाकटा भाऊ. नाही नाही, टोपी कशाला काढता – घाला, वारा आहे.

वर बघा, पबच्या मोठ्या पाटीकडे. तो टोकदार दाढीवाला – तो राजा जेम्स. चेहरा बघा, कसा संशयानं बघतोय, जणू बिअरमध्ये पाणी घातलंय. मर्डोचा हात! आम्ही दोघं पाट्या रंगवायचो – दुकानांच्या, होड्यांच्या, पबच्या. म्हणजे तो रंगवायचा. मी फळी घासायची, अस्तर द्यायचं, त्यानं खडूनं आखलेली अक्षरं भरायची आणि शिडी धरायची. आता नावाखालचा रोमन आकडा बघा. एक उभी रेघ – म्हणजे पहिला. तिच्या आधी ती एकच तिरपी रेघ दिसते ना, तिचं सांगतो नंतर. तर आमचा हा राजा पुढं इंग्लंडच्याही गादीवर बसला; इंग्रजांच्या लेखी हा जेम्स पहिलाच, कारण त्यांच्याकडे त्याच्याआधी जेम्स झालाच नव्हता. आमच्याकडे स्कॉटलंडात पाच होऊन गेले होते! आमचा पहिला निराळाच – पर्थला मारेकरी आले तेव्हा फरशी उचकटून खालच्या गटारात उतरला बिचारा, आणि तिथंच त्याला भोसकला. म्हणजे सहाव्याच्या तोंडाखाली पहिल्याचा आकडा – फाइफमधल्या पबवर! तुमच्या बापाच्या फोटोखाली शेजाऱ्याचं नाव लिहिल्यासारखं. पाटी चढली त्या रविवारी बघायला हवं होतं तुम्ही. चर्चमधून सुटलेली माणसं रस्त्यातच उभी. म्हातारा डुगल्ड ओरडला, 'काय रे मर्डो, लंडनला विकलास काय आमचा राजा?' 

आणि हे मर्डोच्या बाबतीत! अहो, त्याला सगळे पाठ – केनेथपासून पुढं, ओळीनं. फळी घासतानासुद्धा चालू. मोठ्या डोक्याचा माल्कम, गोरा डोनाल्ड, सिंह विल्यम. आणि तो जॉन – इंग्रजांनी त्याच्या झग्यावरची राजचिन्हं टराटरा फाडली, तेव्हापासून लोक त्याला 'रिकामा झगा' म्हणायला लागले. त्यानंतर जॉन नावाचा राजा नकोच म्हणे कुणाला. पुढं एका जॉनवर गादीवर बसायची पाळी आली, तर तो रॉबर्ट नाव घेऊन बसला! हे मला दहादा सांगितलंय त्यानं. आणखी एक – आमचा राजा 'स्कॉटलंडचा राजा' नव्हेच, तो 'स्कॉटांचा राजा'. 'जमिनीचा नाही रे गाढवा, माणसांचा,' म्हणायचा. 'जमीन काय, कुणाचीही असते.' मला नाही राहायचं डोक्यात. डोनाल्डनंतर कोण, कॉन्स्टंटाइन की एड – मी आपला बोटं मोजतोय.

मग चूक कशी झाली? तेच तर सगळे विचारतात. मी सांगतो ना – लंडनला छापलेलं पुस्तक होतं आमच्याकडे, चेहऱ्यासाठी, त्यात 'पहिला' लिहिलेलं, घाईघाईत बघितलं असेल – हो, मर्डोनंच बघितलं असेल, आणखी कोण – दफनाच्या दिवशीही मी हेच सांगितलं. पाद्रीबाबा म्हणाले, शहाण्याचीही जीभ चावली जाते. सगळे हसले. मीही हसलो. पेटी अजून वर होती आणि मी हसलो...

काय म्हणालात? खडूनं आखलेलं कोणी?

मर्डोनं. मर्डोनंच आखलं होतं.

मिस्त्री, तुम्ही फार बारीक ऐकता हो. बरं. खडूत सहावाच होता. स्वच्छ. दोन तिरप्या रेघा म्हणजे पाच, आणि पुढं एक उभी. मी ओल्या फडक्यानं तिरप्या पुसल्या आणि एकटी उभी रंगवली – सोनेरी, दोन हात. पुस्तकाचं सगळं खोटं आहे. त्याच्या आदल्या दिवशी आत, त्या मोठ्या टेबलाशी, त्यानं मला राजे म्हणायला लावले होते. सगळ्यांसमोर. मी तिसऱ्यावरच अडकलो. तो म्हणाला, 'आमच्या ॲर्चीला दोन हात आहेत म्हणून बरं, नाहीतर पाचाच्या पुढं मोजलंच नसतं.' एवढंच. रोजचीच थट्टा. पण मी तिथल्या तिथं पेटलो – मी असाच आहे, आधी हात चालतो, डोकं मागून येतं. म्हटलं, पाटीवर सही तुझी असते ना, मग हसू दे लोकांना तुला एकदा. तो सर्दीनं पडला होता, पाटी मीच आणून चढवली.

आणि रविवारी तो आला, बघितलं. माझ्याकडे बघितलं. एकदाच. त्याला कळलं, मिस्त्री – स्वतः आखलेलं त्याला माहीत नसणार का? मला वाटलं आता सगळ्यांसमोर माझी कानशिलं लाल करतो. तर तो डुगल्डकडे वळून म्हणाला, 'चुकलं बुवा. म्हातारा होत चाललो.' एकतीस वर्षांचा होता हो! घरी आलो. मी वाट बघत होतो शिव्यांची. दिल्या असत्या तर बरं झालं असतं. जेवताना म्हणाला, 'बटाटे वाढ.' बस्स.

सोमवारी सकाळी पाऊस थांबला तसा तो निघाला. पाटी उतरवूनही करता आलं असतं, पण लोक उठायच्या आत त्याला ते मिटवायचं होतं. दोन रेघांचं तर काम. ती तिरपी रेघ – ती त्याची. पहिली झाली. दुसरी...

शिडी? शिडी कोणी धरली होती?

मी – मी झोपलो होतो. म्हणजे उशीर झाला मला. त्यानं जिन्याखालून हाक मारली असेल, ऐकू नाही – आली. ऐकू आली, मिस्त्री. दोनदा आली. 'ॲर्ची, चल, शिडी धर.' रागानं नाही, नेहमीसारखीच. मी पांघरूण डोक्यावर घेतलं. लाज वाटत होती त्याच्याबरोबर रस्त्यानं चालायची, एवढंच, बाकी काही नव्हतं मनात. म्हटलं, जाईल, करेल, येईल. फळी ओली होती, दगड ओले होते, शिडी सटकली. मग डुगल्ड दारावर थापा मारत आला.

आता तुम्ही ते चार स्क्रू बसवणार. म्हणजे दर शनिवारी कुणीतरी नवा माणूस पाटी वाचणार आणि मर्डोच्या नावानं हसणार, आणि मी आत बसून बिअर पिणार. अहो, त्याला एकही राजा चुकला नाही! एकही नाही!

ते आत वाट बघतायत ना तुमची? सांगू नका तुम्ही काही. तुमचा काय संबंध. द्या ती पाटी इकडे. द्या हो, फेकत नाही – पिटकेर्नबाईंच्या हातात नेऊन ठेवतो, आणि डुगल्ड समोर बसलाय तोवर सगळं सांगतो. खडूचं आधी. मग हाकेचं.

गाडी काढा तुम्ही. नाही, बरोबर नका येऊ. खांद्यावर हात-बित ठेवू नका माझ्या. कोणी सोबत असलं की मी हसून काहीतरी थाप मारतो. जा म्हणतो ना, मिस्त्री. जा.