पहिल्या खेपेचं नाही

बोस्टनच्या ट्राममध्ये, आयर्लंडमधल्या कॉर्कहून येऊन इथेच म्हातारी झालेल्या होनोराच्या पुढच्या बाकावर दोन आयरिश मोलकरणी बसल्या होत्या. त्यातल्या विनीने घाईत अंगावरचा एप्रनही सोडला नव्हता.

"डेलिया, या ट्रामला बैल जुंपलेत का गं?"

"येईल स्टेशन. त्यानं विचारलं तरी काय?"

"माझ्याशी लग्न करशील का, असं सरळ विचारलं."

"मग?"

"मी नाही म्हटलं."

"का? आवडत नाही तुला?"

"जीव आहे माझा त्याच्यावर. पण पहिल्या खेपेला हो म्हणतं का कुणी? आपल्याकडे चहासुद्धा तिसऱ्यांदा विचारल्याशिवाय घेत नाहीत."

"अगं बये, तो स्वीडनचा सुतार. त्याला काय कळणार?"

"नाहीच कळलं. बरं म्हणाला, टोपी घातली आणि निघाला शिकागोची गाडी पकडायला."

"आता गं?"

"आता मीच विचारणार."

"आणि तो नाही म्हणाला तर?"

"म्हणू दे. आणखी दोनदा विचारीन."

ट्राम स्टेशनापाशी थांबली. होनोराही उठली, तशी विनी दारातच बाजूला सरली.

"आधी तुम्ही उतरा, आजी."

"पोरी, पुरे झाल्या तुझ्या रीती. पळ."