जावयाचा काळा सॉस

नाही, तुम्हीच सांगा, मी काय वाकडं बोललो होतो? बाटली विकत आणू, एवढंच म्हणालो होतो! एक बाटली! इथं हैदराबादेतच, तिकडं बंजारा हिल्सला मोठ्या दुकानात मिळते, नल्लकुंट्याहून बसनं गेलो असतो, घेतली असती, आलो असतो, विषय संपला असता… पण आमच्या घरात काही सरळ होतं का?

तुम्हाला सांगतो, आमचा जावई तेजस. पोरगं गुणी, अमेरिकेत डॅलसला असतं, पण जेवणाचं म्हणाल तर… लग्नानंतर पहिल्यांदा आला, दोन घास खाल्ले अन् म्हणाला, "पोट भरलं, बाबा." आता माझ्या घरात ताट वाढलेलं आणि जावई अर्धपोटी उठला! जिवाला लागलं हो माझ्या, वर्षभर लागून राहिलं. आता परत येणार म्हणून लेकीला फोन केला, म्हणलं शिवानी, बाई, हा खातो तरी काय? तर म्हणाली, "बाबा, इथं स्टेक सॉस मिळतो, काळपट, बाटलीतला. तो असला की तेजस काहीही खातो." झालं की मग! मी म्हणालो, बाटली विकत आणू. तर आमची बायको, सखू, कमरेवर हात ठेवून उभी! "जावयाला बाजारची बाटली वाढता? घरात हात नाहीत का?"

हात! कुणाचे हात? माझे! टेलिफोन खात्यात छत्तीस वर्षं वायरी जोडून रिटायर झालेले हात!

मग काय, शिवानीला दिवसातून चार-चार फोन. बाई, बाटलीवर काय लिहिलंय, वाच. आंबट असतं का? गोड किती? टोमॅटो, व्हिनेगर, बेदाणे, संत्रं, लसूण… आणि चिंच! सखूनं टाळीच वाजवली. "म्हणजे चटणीच की! उगं सायबाचं नाव लावलंय."

अफझलगंजला गेलो सामान आणायला. दुकानदार म्हणतो, "क्या बनारे चच्चा?" म्हणलं, सॉस. "सॉस में किशमिश? तुम जाओ चच्चा, चच्ची को भेजो!" भर बाजारात हो!

तीन तास ढवळलं. तीन तास! त्या व्हिनेगरचा वास असा उठला की शेजारच्या पद्मावतीअम्मा नाकाला पदर लावून आल्या. "अन्ना, बाथरूम धोरे क्या?" बाथरूम! मग बोट बुडवून चाटलं अन् म्हणतात, "अय्यो, ये तो पच्चडी है! पोपु किधर है?" पच्चडी म्हणजे चटणी अन् पोपु म्हणजे फोडणी, बरं का. मी म्हणलं, नक्को अम्मा, ह्याला फोडणी नसते, हात जोडतो, नक्को! आणि दहा मिनिटं… फक्त दहा मिनिटं अंघोळीला गेलो.

चर्र!

बाथरूममधे ऐकू आलं मला. डोक्याला साबण, कमरेला टॉवेल, तसाच पळत आलो. मोहरी, हिंग, कढीपत्ता, चार लाल मिरच्या! दोघी बाया माझ्या सॉसवर वाकून उभ्या! आणि वर सखू डब्यातला काळा मसाला टाकायली, चमचाभर! "अगं, हे काय?" "काळपट पाहिजे म्हणला होता ना तुम्ही? आणि फोडणीबिगर कच्चं लागतं."

कच्चं लागतं! मी म्हणालो होतो की नाही, बाटली विकत आणू? चष्मा लावून कढीपत्ता वेचला, पण मोहरी किती वेचणार माणूस? सोडली तशीच. मधाची बाटली धुतली, त्यात भरलं.

रविवारी तेजस बसला जेवायला. ज्वारीची भाकर, मटण. त्यानं सॉस घेतला, मी त्याच्या तोंडाकडं बघायलो. एक घास… डोळ्यांत पाणी. दुसरा घास… नाक लाल. मी म्हणलं, गेला! उठतंय आता पोरगं ताटावरून! तर नाक पुसत म्हणतो, "बाबा… अजून आहे?"

तीन भाकरी खाल्ल्या त्यानं! तीन! मी स्वयंपाकघरात जाऊन डोळे पुसले, कुणी विचारलं तर व्हिनेगरचा वास म्हणून सांगितलं. आणि सखू बाहेर सांगायली, "फोडणीमुळं!" माझे तीन तास कुठं गेले?

थांबा, पुढं ऐका. जेवण झालं, तेजसनं बॅग उघडली, आणि पायमोज्यांत गुंडाळलेल्या दोन बाटल्या काढल्या. तोच सॉस! अमेरिकेचा! "तुमच्यासाठी, बाबा. शिवानी म्हणाली, तुम्ही दिवसातून चारदा त्याबद्दल विचारता, फार आवडत असणार." अहो, मी जन्मात चाटला नाही तो!

आता घरचा सॉस घेऊन जावई डॅलसला गेला, आणि तिकडून फोन, "बाबा, ऑफिसमधल्या लोकांना पण पाहिजे." पुन्हा मी, पुन्हा कढई. काल म्हणलं, मरू दे, निदान ती विकतची तरी एकदा चाखून बघू, काय असतं एवढं. फ्रिज उघडला, दोन्ही बाटल्या रिकाम्या! वळून बघतो, तर कढईत काळं काहीतरी रटरटायलंय अन् वर कढीपत्ता तरंगायलाय. सखू म्हणाली, "कच्चं लागत होतं हो."

आता काय सांगू तुम्हाला… भाकरीसंगं खाल्लं मी. चांगलं लागतं!