देवाला फार दयाळू म्हणणारे हेरोनास गुरुजी

मंडळी, कीर्तन सुरू करण्याआधी एक प्रश्न. उत्तर मोठ्यानं देऊ नका, शेजारी बसलेत! — ज्यानं तुमचं वाटोळं केलं, त्याला देवानं माफ केलं तर तुम्हाला चालेल? माना हलवू नका, माना! चर्चमध्ये सगळ्यांच्याच हलतात. घरी जाऊन आरशात बघा — जबडा किती आवळलाय तो!

आता ऐका. सतराशे वर्षं मागे चला. मिसर देश, नाईल नदी, आणि काठावर तेबीना नावाचं गाव. नकाशात शोधू नका, मिळणार नाही. तिथली माणसं मात्र ओळखीची वाटतील!

तिथं हेरोनास गुरुजी शास्त्र शिकवायचे. अंगानं काटकुळे, नजर अधू, पुस्तक नाकाला टेकवून वाचायचे. पण वचनाची उकल करायला लागले की म्हातारेकोतारे खोकायचं विसरायचे! देवाची दया हा त्यांचा आवडता विषय. आणि लोक खूश! का नसावेत? दया आपल्यावरच होणार, अशी ज्याची त्याची समजूत!

मग आला सम्राटाचा हुकूम. सगळ्यांनी माझ्या पुतळ्यापुढं धूप जाळा, जाळल्याचा दाखला घ्या. नाही घेतला — तुरुंग!

रविवारी सगळ्यांनी छाती ठोकली. "मेलो तरी प्रभूला सोडणार नाही!" सोमवारी सकाळी पुतळ्यापुढं रांग! अहो, प्रभुभोजनाला एवढी शिस्तीची रांग कधी लागली नव्हती! हेराइसबाई, गावातली तेलाची मोठी व्यापारी, पहिल्या पाचात. आणि बिशप अपियन? त्यांना नेमका त्याच आठवड्यात बहिणीचा मळा आठवला. हवापालट हो!

हेरोनास गेले नाहीत. रंगाऱ्यांच्या आळीत एका माळ्यावर लपले. जागा एकालाच ठाऊक — त्यांचा शिष्य कोप्रेस. हा कापड रंगवायचा. तान्हा असताना उकिरड्यावर सापडला म्हणून लोकांनी ठेवलेलं नाव. आपल्याकडं शेणक्या म्हणावं तसं. त्याला अक्षर शिकवलं ते गुरुजींनीच. शिपायांनी याला धरलं. हा गप्प. मग त्याच्या बायकोला ओढत आणलं, तिच्या गळ्याला सुरी लावली — आणि कोप्रेस बोलला. माळा दाखवला.

गुरुजींच्या उजव्या हाताची बोटं मोडली, मंडळी. एकेक करून. दोन वर्षं कोठडी. तिथं ते स्तोत्रं म्हणत होते असं वाटतं तुम्हाला? म्हणत होते! आणि मधल्या वेळात कोप्रेसला द्यायचे शाप पाठ करत होते. माणूस होता तो. चित्रातला संत नव्हे.

पुढं सम्राट लढाईत मेला. हुकूम बारगळला. गुरुजी सुटले. काय स्वागत! जो तो त्या मोडक्या हाताचं चुंबन घेतोय. बिशपसाहेबही मळ्यातून आले — चांगले गुबगुबीत होऊन!

आणि एका रविवारी दाराबाहेर धुळीत कोप्रेस येऊन बसला. आत यायची छाती नाही. येणाराजाणारा थुंकतोय, हेराइसबाई सगळ्यात लांबून, सगळ्यात नेम धरून!

गुरुजींनी त्याला पाहिलं आणि बोटं ठणकायला लागली. मान वळवून आत गेले. दुसरा रविवार, तसंच. तिसरा, तसंच. घरी डाव्या हातानं प्रभूनं सांगितलेल्या हरवलेल्या मेंढराच्या गोष्टीवर लिहायला बसत, आणि लेखणी पुढं सरकेना. मेंढपाळ मेंढराला शोधायला निघतो, इथवर यायचं — आणि अडायचं. शेवटी स्वतःलाच म्हणाले, "हेरोनास, तू लिहितोस तो देव कधीच दाराबाहेर जाऊन त्याच्याजवळ बसला असेल. मग आत तू भजतोयस कोणाला?"

चौथ्या रविवारी ते उठले. दाराशी गेले. कोप्रेसचा रंगानं निळा पडलेला हात धरला आणि त्याला आणून स्वतःशेजारी बसवलं.

झालं! भडका!

"गुरुजी!" हेराइसबाई ओरडली. "हाही आत आला, तर मग आम्ही धूप जाळल्याचं प्रायश्चित्त म्हणून एवढे उपास केले ते कशाला?"

बघा! देवासाठी नव्हते उपास. कोप्रेस बाहेर राहावा म्हणून होते!

"बोटं माझी मोडली, बाई," हेरोनास म्हणाले. "तुमची का दुखतायत?"

बिशप उभे राहिले. "हेरोनास, मंडळीला शिस्त असते. त्याला ठेवायचं असेल, तर तुम्हीही त्याच्याबरोबर बाहेर जा."

"जातो," गुरुजी म्हणाले. आणि गेले!

रंगाऱ्याच्या छपराखाली, उकळत्या कढयांशेजारी बसून गुरुजींनी ग्रंथ सांगितला, कोप्रेसनं लिहिला. सगळा ग्रंथ एकाच प्रश्नावर — देवाची दया कुठं संपते? आणि उत्तर? त्यांना शेवट सापडला नाही! बिशपनी सभा भरवली, ग्रंथ जाळला. आरोप काय, माहितीये? "हा देवाला फार दयाळू म्हणतो!" हसू नका. ठरावावर सह्या करणारे सगळे उपाशीपोटी आले होते — पवित्र दिवस होता!

सात वर्षांनी गुरुजी तिथंच आजारी पडले. कोप्रेस पेज भरवत होता. एकदा रडायला लागला. "गुरुजी, त्या दिवशी मला एका झटक्यात कसं माफ केलंत?"

"एका झटक्यात?" गुरुजी म्हणाले. "वेडा आहेस का? रोज सकाळी करतोय. हात ठणकला की पुन्हा पहिल्यापासून."

त्याच आठवड्यात ते गेले. बिशपनी मंडळीच्या दफनभूमीत जागा दिली नाही. कोप्रेसनं एकट्यानं खड्डा खणला.

शंभर वर्षं गेली. तेबीनाला संत हवा झाला. शेजारच्या गावाला होता ना! मग हेरोनास आठवले. कबर उकरली, मोडक्या बोटांची हाडं चांदीच्या डबीत ठेवली, वर्षाचा सण सुरू केला. आणि ग्रंथ? कोप्रेसनं लपवलेली एक प्रत निघाली, तिच्यावर बंदी तशीच! हाडं चालतात, मंडळी. बोलत नाहीत ना ती!

तेबीनाची फजिती ऐकून मघापासून फार हसताय तुम्ही. आता इकडं बघा. या चर्चमध्ये डावीकडचे बाक कोणाचे आणि उजवीकडचे कोणाचे, हे पाहुण्यालासुद्धा अर्ध्या तासात कळतं. एका बांधावरून भांडलेले दोन भाऊ अकरा वर्षं एकाच प्याल्यातून प्रभुभोजन घेतात आणि फाटकाबाहेर एकमेकांना ओळख देत नाहीत. थोड्या वेळानं पाळकसाहेब प्रभुभोजनाची भाकर मोडतील. त्याआधी ज्याच्याशी तुमचं वाकडं आहे, त्याच्या शेजारी जाऊन बसायचं. चला, उठा!

...

कोणी उठत नाही? बरं. पेटीवाले, सूर धरून ठेवा. मी उभा आहे.